ब्रेकमधली हवा

रविवार, ३ मार्च १९७४

आज पुन्हा ब्रेकची हवा काढली. मागच्या डाव्या चाकापासून सुरू करायचं, ते सगळ्यात लांब म्हणून. मग मागचं उजवं, पुढचं डावं, आणि शेवटी ड्रायव्हरच्या पायाजवळचं. हे गाडीखाली पाठीवर, मी सीटवर. दार उघडं ठेवून मागं वाकलं तर मला ह्यांचे पाय दिसतात, बाकी काही नाही.

"दाब." मी तीनदा पायडल दाबते. "धर." तिसऱ्यांदा दाबलेलं तसंच धरते. मग हे चाकामागचं निपल, तेल सोडायचं तोंड, ढिलं करतात, पायडल माझ्या पायाखाली सावकाश जमिनीला टेकतं, आणि रबरी नळीतून बाटलीत तेल येतं, बुडबुडे येतात. निपल आवळून झालं की, "सोड." तोवर पाय उचलायचा नाही. उचलला की बाहेरची हवा आत, आणि केलेलं पाण्यात.

दाब, धर, सोड. आठवडाभरातलं आमचं बोलणं एवढंच! लग्नाला दहा महिने झाले. हे पिंपरीला कंपनीत फिटर. शनिवारी संध्याकाळच्या एसटीनं न्हावऱ्याला उतरतात, सोमवारी पहाटेच्या एसटीनं जातात. घर एक खणाचं. आत सासूबाई, त्यांची नणंद साळूबाई आणि मी. बाहेर अंगणात सासरे आबा आणि हे. मोठ्यांच्या देखत नवऱ्याशी बोलायचं नाही, आणि मोठे तर सदा समोरच. माझे आई-वडील दौंडच्या रेल्वे क्वार्टरात दिवसभर मोकळेपणानं भांडायचे. इथं भांडायचीसुद्धा सोय नाही.

मला ह्यांची आठवण येते — हे इथं असतानाही. हे कुणाला सांगू? म्हणून लिहिते.

सोमवार, ४ मार्च

गेले. डाव्या चाकाखाली तेलाचा थेंब आहेच. ब्रेकचं तेल अडवणारं आतलं रबर झिजलंय. नवं पुण्याहून आणतो म्हणाले. मागच्या शनिवारीही म्हणाले होते.

बुधवार, ६ मार्च

आबांनी वस्तीच्या बैठकीत शब्द दिला. यंदा जयंतीला बाबासाहेबांचा फोटो बैलगाडीत नाही, आपल्या गाडीवर निघणार. घरी आले ते मिशीला पीळ देतच. शिरूरच्या डॉक्टरांकडे तीस वर्षं ड्रायव्हर होते. डॉक्टर पुण्याला राहायला गेले तेव्हा ही जुनी काळी गाडी आबांनाच देऊन गेले. "तीस वरीस दुसऱ्याला मागं बसवून हाकली. यंदा आपल्या मर्जीनं," म्हणाले. सासूबाई म्हणाल्या, "आदी थांबती का बघा." आबा म्हणाले, "चांगदेव हाय की. चौदा तारखेपत्तोर ब्रेक दगडावानी करून दील."

चौदा एप्रिलही रविवारीच आहे. कॅलेंडर बघून आले.

रविवार, १० मार्च

आज माझ्याकडून चूक झाली. खरोखरची. चपलेचा अंगठा तुटला, पाय सटकला, "सोड" यायच्या आधीच पायडल वर. खालून आवाज, "आगं!" मला वाटलं आता रागावणार. तर म्हणाले, "हवा शिरली. परत धरनं आलं." आणि हळूच, "लागलं का पायाला?"

लागलं का पायाला! सासूबाई ओट्यावर कांद्याची पात कापत होत्या. त्यांना वाटलं ब्रेकचंच काहीतरी चाललंय. मी म्हटलं, "नाही." हे म्हणाले, "चप्पल आनतो नवी." मग परत तीनदा दाब, धर, सोड. पाऊण तास झाला आज. हात धुताना मी उगीच हसत होते. साळूबाई म्हणाल्या, "काय गं, माहेरचं पत्र आलं का?"

शुक्रवार, १५ मार्च

काही लिहिण्यासारखं नाही. परवा रविवार.

रविवार, १७ मार्च

आज मुद्दाम केलं.

लिहिलं एकदाचं. दुसऱ्या चाकाला "धर" म्हणाले, निपल सुटल्याचं पायाला कळलं, पायडल खाली गेलं, आणि मी पाय उचलला. चप्पल नवी होती, ह्यांनीच आणलेली. सबब काही नव्हती. "परत शिरली," एवढंच म्हणाले. रागावले नाहीत. जास्तीच्या त्या फेरीत पिंपरीजवळ कासारवाडीच्या एका खोलीबद्दल सांगितलं. नळ दारात आहे. खिडकीतून रूळ दिसतात. "तुला गाड्यांचा आवाज लागतो ना झोपायला," म्हणाले. हे मी कधी सांगितलं होतं? लग्नानंतर दौंडला मांडवपरतणीला गेलो होतो तेव्हा आई बोलली असेल. दहा महिने लक्षात ठेवलं!

पण रबर विसरले. कंपनीतून परस्पर एसटी धरली म्हणे.

रविवार, २४ मार्च

दोनदा उचलला पाय. एकदा मागच्या चाकाला, एकदा पुढच्या. दुसऱ्या वेळी धीर करून विचारलं. सीटवरून खाली वाकले, जणू चप्पल नीट करते आहे, आणि विचारलं, "मला कधी नेणार?"

खाली पाना थांबला. परत पाना लोखंडावर घासल्याचा आवाज. मग, "धर."

धरलं. काय करणार? डोळ्यांत पाणी आलं ते पदरानं पुसलं, तर सासूबाई ओट्यावरून म्हणाल्या, "कांदा झोंबला व्हय गं तिथवर?" मी म्हटलं, "हो आत्या."

सोमवार, २५ मार्च

ऐकू गेलं नसेल. गाडीखाली कानात धूळ जाते, लोखंडाचा आवाज असतो. नाही, गेलं होतं. पाना थांबला होता.

ह्यांनी अजून सासूबाईंकडे विषयच काढलेला नाही. सासूबाई परवा शेजारणीला सांगत होत्या, "खोलीत चार बाप्ये ऱ्हात्यात, तितं सून कुटं धाडू?" मग कासारवाडीच्या खोलीचं ह्यांनी घरात सांगितलंच नाही? का मला नुसतंच बरं वाटावं म्हणून बोलले? मला ओढ आहे, ती मला ठाऊक. ह्यांना आहे का? तीन शब्दांवरून माणसानं काय ओळखायचं!

रविवार, ३१ मार्च

रबर परत नाही आणलं. पाच आठवडे झाले. हातात पिशवी, पिशवीत आबांची तंबाखू, सासूबाईंच्या गुडघ्याचं तेल, साळूबाईंना चष्म्याची दोरी. सगळ्यांचं सगळं लक्षात राहतं, रबर तेवढं राहत नाही. ज्याला घरची गाडी लक्षात राहत नाही त्याला घरची बायको काय राहणार! मला राग आला. चार चाकांना चार वेळा पाय उचलला. निम्म्या वेळा रागानं, निम्म्या वेळा कशानं ते या वहीला काय सांगू.

ह्यांचं दर वेळी नुसतं "परत." शेवटी आबाच उठून आले. पायडल दाबून बघितलं आणि तोंड कडू केलं. "पोकळ लागतंय रं चांगदेवा. दोन आठवडं ऱ्हायलं." हे म्हणाले, "व्हतंय आबा, म्होरल्या टायमाला."

बुधवार, ३ एप्रिल

सगळं लिहून ठेवते.

फोटोला नवी चौकट करायला टाकली होती शिरूरला. आबा सकाळी म्हणाले, गाडीनंच जातो, तेवढाच सराव. सासूबाई नवं लुगडं नेसून मागं बसल्यासुद्धा. आबांनी किल्ली लावली. मी भांडी घासत होते. शिरूरकडे जाताना ओढ्याचा उतार आहे, खाली वळण, वळणावर उसाच्या बैलगाड्या. ते सगळं डोळ्यांसमोर आलं. आणि जयंतीला त्याच उतारावर गाडीपुढं लेझीम. बायका, पोरं, सगळी वस्ती!

राखेच्या हातांनी गाडीपुढं जाऊन उभी राहिले. "आबा, नका नेऊ. ब्रेकमध्ये हवा आहे."

"हाय थोडी. दाबत दाबत, पंपिंग मारत जातो."

"थोडी नाही. मी सोडलीय. पाय आधी उचलत होते. मुद्दाम."

आबांनी गाडी बंद केली. सासूबाई मागून म्हणाल्या, "म्हंजी? पाय घसरतो की मानसाचा. त्यात रडायचं काय?" त्यांना कळलंच नाही. आबांना कळलं. ज्यानं तीस वर्षं ब्रेकवर पाय ठेवला त्याला काय कळायचं राहिलं! "किती येळा?" म्हणाले. मी म्हटलं, "सात." उतरले. दार हळू लावलं. "ब्रेकसंगट चाळा करायचा नस्तो पोरी. म्होरं मानसं असत्यात." एवढंच बोलले आणि एसटीनं शिरूरला गेले.

आदळआपट केली असती तर बरं वाटलं असतं.

गुरुवार, ४ एप्रिल

आबा माझ्याशी बोलले नाहीत. चहा घेतला.

शनिवार, ६ एप्रिल

हे आले नाहीत. पोस्टकार्ड आलं, आबांच्या नावानं. ओव्हरटाइम आहे, एकदम तेराला येतो. खाली "सर्वांना जयभीम". सर्वांमध्ये मी आले. कार्ड दोनदा वाचलं, तिसऱ्यांदा वाचायला उचललं तर साळूबाई बघत होत्या.

सोमवार, ८ एप्रिल

कंडक्टर पोपटरावांच्या हाती आबांनी पुण्याहून रबर मागवलं होतं, ते आज आलं. एवढीशी पुडी! आबा म्हणाले, "चल. माजं हात थरथरत्यात, तुजं चालतील. मी सांगतो, तू कर."

चाकाचे नट माझ्यानं हलेनात, तर पान्यावर उभी राहून वजन टाकलं. ड्रम काढला, स्प्रिंगा काढल्या, झिजलेलं रबर बोटानं ओढून काढलं, नवं ब्रेक ऑइलमध्ये बुडवून बसवलं. शेजारच्या भागुबाई कुंपणाशी येऊन उभ्या. "आगं बया, सून गाडीखाली!" आबा म्हणाले, "तुमची पाठवा, तिलाबी शिकवतो." मग आबा सीटवर बसले आणि मी पदर खोचून खाली पाठीवर.

खालून जग वेगळंच दिसतं. इथं झोपून हे काय बघत असतात ते आज कळलं. सीटखालच्या गंजलेल्या पत्र्याला दोन भोकं आहेत. त्यातल्या एकातून पायडलवरचा पाय दिसतो. आबांची जुनी वहाण दिसत होती. म्हणजे पाच रविवार ह्यांना माझी चप्पल दिसत होती.

आता मी म्हणायचं होतं. आबांना "दाब" कसं म्हणू! "दाबा आबा. धरा. सोडा." आबा हसले. मग चौथ्या चाकाला म्हणाले, "चांगदेवाची आई लगीन झाल्यावं तीन वरीस माज्याशी बोलली न्हाई. मी डॉक्टरच्या गाडीवं, ही हितं. पानी देऊ का, येवढंच इचारायची. मी दिवसातनं धा वेळा पानी प्यायचो." चेहऱ्यावर तेल पडलं होतं म्हणून पुसत राहिले.

पायडल दगडासारखं झालं. एकही बुडबुडा नाही. काम चोख झालं, आणि माझा रविवार माझ्याच हातानं संपला.

शनिवार, १३ एप्रिल

आले. पिशवी ठेवली न ठेवली, पाना घेऊन गाडीकडे. आबा म्हणाले, "झालंय ते. हिनं केलं." हे सीटवर बसले, पायडल दाबलं. दोनदा. उतरून पाना डब्यात ठेवला. "बरं झालं," म्हणाले. माझ्याकडे बघितलं नाही.

बरं झालं. बस्स.

रविवार, १४ एप्रिल

मिरवणूक छान झाली. फोटोला मोगऱ्याचे हार, निळे झेंडे, आबांना नवा फेटा. ओढ्याच्या उतारावर लेझीमवाले मध्येच थांबले तर गाडी त्यांच्या मागं हातभर अंतरावर उभी राहिली, हूं की चूं नाही. सगळ्या वस्तीनं टाळ्या वाजवल्या. आबांनी मला पुढं बोलावून सगळ्यांना सांगितलं, "ब्रेक सूनबाईचा." मला फार बरं वाटलं. खोटं कशाला लिहू.

हे झेंडा धरून पलीकडच्या बाजूला चालत होते. दिवसभरात एक शब्द नाही. आता पुढच्या रविवारी ते अंगणात बसतील, मी चुलीशी. मधे सासूबाई.

सोमवार, १५ एप्रिल

पहाटे हे गेले. उजाडल्यावर मी गाडीवरचा गुलाल पुसायला गेले. सीटवर बसून सवयीनं पायडलवर पाय ठेवला तर ते थेट जमिनीला टेकलं. खाली वाकून बघितलं. मागच्या डाव्या चाकाचं निपल पुरतं ढिलं केलेलं. नळी नीट लावून खाली बाटली ठेवलेली, तेल वाया जाऊ नये म्हणून. गाडी कुणी हलवू नये म्हणून चारी चाकांना पुढून मागून दगड. आठ दगड मोजले. बाटलीच्या बुडाखाली कागदाच्या पुडीत रबर. नवंच. बिलावर तारीख दोन मार्च, ही वही लिहायला घेतली त्याच्या आदल्या दिवसाची.

आबा चहाची कपबशी घेऊन आले, वाकून बघितलं, आणि सासूबाईंना ओरडून सांगितलं, "ब्रेक परत गेला गं. आता रविवारीच."

रविवारला सहा दिवस आहेत.