नऊ नंबरचे त्रेपन्न

कोल्हापूर,
५ जानेवारी २०२६

तीर्थरूप आकारामदादा यांना धाकट्या जोतीरामचा शिरसाष्टांग नमस्कार. वि. वि.

पत्र पाहून तुम्ही प्रथम कोण गेले असे विचाराल. कोणीही गेलेले नाही. फोनवर तुम्ही माझे वाक्य पूर्ण होऊ देत नाही आणि प्रस्तुत विषयाला पूर्ण वाक्यांची गरज आहे, म्हणून पोस्टाचा आश्रय घेतला.

यंदा व्यावसायिक बास्केटबॉल लीगमध्ये कोल्हापूरचाही संघ आहे. व्यावसायिक म्हणजे खेळाडूंना पगार असतो. आपल्या काळी दोन केळी आणि अर्धा कप चहा असे, त्यातली केळी कप्तानाच्या मर्जीवर. या संघाच्या ऋतुराजने गेल्या आठवड्यात इथल्याच मैदानावर एका सामन्यात एक्कावन्न गुण केले. लगेच प्रश्न निघाला, की कोल्हापूरच्या मैदानावर एका खेळाडूने एका सामन्यात केलेले सर्वाधिक गुण किती. पेठेतला कोणताही म्हातारा झोपेतून उठवला तरी सांगेल : आकाराम, १२ डिसेंबर १९९३, त्रेपन्न. लीगने ठरवले आहे, की १ फेब्रुवारीच्या अंतिम सामन्याचा पहिला चेंडू त्या विक्रमवीराच्या हस्ते उडवावा. अट एकच. त्या सामन्याचा गुणलेखक म्हणून मी मूळ गुणपत्रक पाहून वीस तारखेपर्यंत दाखला द्यायचा.

गुणपत्रक काढले, आणि इथून पुढे तुम्ही बसून वाचावे. तुमचा नंबर नऊ. नऊ नंबरच्या पाचव्या फाऊलसमोर माझ्याच अक्षरात ‘तेहतिसावे मिनिट’ असे लिहिले आहे. पाच फाऊल झालेला खेळाडू त्या सामन्यापुरता संपतो. परंतु त्याच कागदावर नऊ नंबरने तेहतिसाव्या मिनिटानंतर चार बास्केट आणि तीन फ्री थ्रो असे अकरा गुण केले आहेत. बाकावर बसून अकरा गुण करण्याचा विक्रमही बहुधा तुमचाच असावा, मात्र लीगने त्याची चौकशी केलेली नाही.

तुम्हाला आठवत असेल, आपल्या संघात खेळाडू दहा आणि जर्सी सात. बाहेर येणाऱ्याने घामाची जर्सी उतरवून आत जाणाऱ्याच्या डोक्यात घालायची, ही तेव्हाची रीत. पंच तेवढा वेळ आकाशाकडे पाहत. याचसाठी मी नंबराशेजारी खेळाडूच्या नावाचे पहिले अक्षर लिहीत असे. शेवटच्या सात मिनिटांत नऊशेजारी अक्षर नाही. ते माझे अनवधान. मी नंबर पाहिला, तोंड पाहिले नाही. माझ्या स्मरणाप्रमाणे तुमच्या जागी आपल्याच संघातला लालासाब उतरला होता. तसे असल्यास तुमचे गुण बेचाळीस, त्याचे अकरा, आणि विक्रम ऋतुराजचा. कृपया आपले स्मरण लेखी कळवावे. लालासाबलाही लिहीत आहे.

वहिनींना नमस्कार. गुणांत वजाबाकी झाली तरी मायेत होऊ नये, ही विनंती.

आपला,
जोतीराम

•

बिद्री,
९ जानेवारी २०२६

चि. जोतीरामास आशीर्वाद. सध्या निम्मेच धाडतोय, उरलेले तुझी वागणूक बघून.

पत्र मिळालं. पोस्टमन दारात उभा होता म्हणून शिव्या मनातल्या मनात दिल्या. तू बी.कॉम. झालास तवाच बाबा म्हणालेले, ह्यो एक दिवस घरातल्यांचंच ऑडिट करणार.

बत्तीस वर्सं झाली, जोत्या. साखर कारखान्यात एवढी नोकरी केली, पण मला नावानं कुणी हाक मारली न्हाय. गेटवरच्या शिपायापासून सगळे ‘या त्रेपन्न’ म्हणायचे. तुझ्या वहिनीला बघायला गेलतो तवा बाबांनी माझं शिक्षण सांगितलंच न्हाय, थेट आकडा सांगितला. सासऱ्याला वाटलं त्रेपन्न एकर. तो गैरसमज आपण अजून कुणी काढलेला न्हाय, आणि तू आता निघालायस कागद घेऊन.

लीगच्या माणसाचा मला आधीच फोन आलाय. कोट शिवायला टाकलाय. दोन जीपा भरून माणसं येणार हायत, त्यात ज्यांना बास्केटबॉल आणि व्हॉलीबॉल ह्यातला फरक कळत न्हाय असे निदान नऊ. पाचवा फाऊल मी केलाच न्हवता, तो पंच समोरच्या संघाच्या कप्तानाचा साडू होता. लालासाबला खुशाल विचार. त्यानं एवढ्या वर्सात तोंड उघडलेलं न्हाय, आता काय उघडतोय.

एक गोष्ट सरळ लिहितो. गुडघ्यामुळं मला आता जिना चढवत न्हाय, पोरं कारखान्यातला सल्लाबी विचारत न्हाईत. चेंडू वर उडवणं हे एकच काम ह्या वयात मला शोभंल असं कुणाला तरी वाटलंय. ते हातातनं काढून घेऊ नगंस. सही कर आणि गप बस.

राग गेला की तुझाच,
आकाराम

•

इचलकरंजी,
१४ जानेवारी २०२६

जोतीरामभाऊंना लालासाबचा सलाम, घरच्यांना दुवा.

तुमचं पत्र पोचलं. त्याच दिवशी आकारामचा फोन आलता. म्हणाला, जोत्याला लिही की तू त्या दिवशी आलाच नव्हतास. मी बरं म्हटलं. पण तुम्ही लिहिलंय, खरं ते कळवा. दोघं भाऊ एकाच माणसाला दोन कामं सांगताय. दोन्ही जमणार नाहीत, म्हणून जे पाठ आहे तेवढं लिहितो.

मागावरची पाळी उशिरा सुटली. मी पोचलो तेव्हा सामना संपायला दहाएक मिनिटं होती. आकाराम पाचव्या फाऊलवर पंचाच्या घराण्याचा उद्धार करत बाहेर आला आणि त्यानं ओली जर्सी माझ्या डोक्यात घातली. चार बास्केट, तीन फ्री थ्रो, बरोबर आहे. चौथी बास्केट मारायची नव्हती, तो पास होता. तीही धरा.

तेव्हा बोललो का नाही, असं तुम्ही विचारलंय. सामना संपल्यावर लोकांनी आकारामला खांद्यावर घेतलं. मला वाटलं, खाली उतरला की सांगू. तो काही उतरलाच नाही.

मला त्याचा राग नाही. माझ्या मुलीच्या लग्नात तीन दिवस राबणारा तोच होता. पण नात मुस्कान आता शाळेच्या संघात खेळते. तिला मी सांगितलं की मीही खेळायचो. ती म्हणाली, “नाना, मग तुमचं नाव कुठं लिहिलंय?” अकरा कुठल्या कागदावर निघत असतील तर बघा. आकारामला लागणार असेल तर राहू दे, तिला मी दुसरं काही दाखवीन.

गळाभेट बाकी ठेवून थांबतो,
लालासाब

•

कोल्हापूर,
१७ जानेवारी २०२६

तीर्थरूप दादा, पुन्हा एकवार साष्टांग नमस्कार. वि. वि.

दाखला आज दिला. आकाराम बेचाळीस, लालासाब अकरा. प्रत सोबत आहे, दुसरी लालासाबला पाठवली. चेंडू उडवण्याचा कार्यक्रम लीगने रद्द केला. तुम्हाला फोन करण्याची हिंमत त्यांच्यात नसल्याने हे काम माझ्याकडे आले.

आता माझ्याबद्दल. पहिल्या पत्रात मी ‘अनवधान’ हा शब्द वापरला. तो खोटा आहे. मी तोंड पाहिले होते. लालासाबच्या केसांत कापूस होता आणि तुम्हाला तेव्हाही विशेष केस नव्हते. गफलत होण्यासारखे काही नव्हते.

कागदावर तुमचे बेचाळीस होते. पन्नास कोल्हापुरात कोणी केले नव्हते. लालासाबने पहिली बास्केट केली, मी नऊ लिहिले, शेजारी ‘ला’ लिहायला पेन टेकवले आणि उचलले. अशा सात नोंदी, सातही वेळा. एकदा चुकतो तो गुणलेखक, सात वेळा चुकतो तो भाऊ. त्यानंतरच्या वर्षांत एकेका गुणासाठी मी पंचांशी भांडलो, तीन प्रशिक्षकांनी माझ्याशी बोलणे टाकले, आणि माझा सर्वांत नावाजलेला कागद मात्र हा. तुम्हाला खांद्यावर लोकांनी घेतले असेल, पण तिथवर चढायला पाठ मी दिली होती. ती आज काढून घेतली याचा दोष तुमच्याकडे नाही.

यापुढे गुणलेखकाच्या टेबलावर बसणार नाही, हेही लीगला कळवले. त्यांनी विचारले, मग एक तारखेला कोण बसणार. प्रश्न रास्त असल्याने तेवढा सामना बसेन.

तिसऱ्या रांगेची तीन तिकिटे सोबत आहेत. यावे असे म्हणण्याचा मला अधिकार नाही. तरी लिहिले.

आशीर्वाद उरलेल्या निम्म्यातून द्यावेत,
जोतीराम

•

बिद्री,
३ फेब्रुवारी २०२६

चि. जोतीरामास आशीर्वाद. ह्या खेपेला पुरे.

तू टेबलावरनं हललाच न्हाईस आणि सामना संपल्यावर तिघा पंचांना घेऊन बसलास, म्हणून हे लिहून धाडतोय.

तुझं पत्र वाचून आठ दिवस तुझ्या वहिनीशी बोललो न्हाय. तिला वाटलं तब्येत सुधारली. मग म्हटलं, जोत्यानं कबूल केलंय तर आपण का मागं राहायचं. मलाबी ठाऊक होतं, बाबा. पाचव्या फाऊलनंतर मी बाकावर उघड्या अंगानं, टॉवेल गुंडाळून बसलेला. सगळं मैदान माझ्या नावानं ओरडत होतं आणि टाळ्या मीबी वाजवत होतो. अकरा मी स्वतः मोजले. संपल्यावर लालासाबनं जर्सी परत दिली, ती मी घाईनं अंगात घातली, आणि मगच लोकांनी उचललं. तू सात वेळा पेन उचललंस, मी एकदाच जर्सी घातली. त्यात तुझ्यापेक्षा माझं पाप जास्त हाय, ह्यात तरी तू पुढं जाऊ नगंस.

जीपा रद्द केल्या. इचलकरंजीला जाऊन लालासाबला आणि मुस्कानला घेऊन आलो. ऋतुराजनं अठ्ठावन्न केले, ते तूच लिहिलेस. म्हणजे बघ, तू सही केली असतीस तर मी कोट घालून चेंडू उडवला असता आणि दीड तासात माझ्याच देखत माझा विक्रम उडाला असता. वहिनी म्हणते, जोतीरामभावजींनी लाज राखली. तिचं ऐकून सोड.

ह्या एवढ्या वर्सात आकडा सांगायच्या आधी लालासाब आसपास हाय का ते बघायची मला सवय लागलीती. जेवणाची पंगत असू दे न्हाईतर मयत, आधी नजर फिरवायचो. परवा मुस्काननं विचारलं, तुमचे किती. तो शेजारीच बसलेला. मी म्हटलं, बेचाळीस. आकडा बारका हाय, पण सांगताना मान वळवावी लागली न्हाय.

लालासाबला एवढ्यावर राहवलं न्हाय. तो नातीला म्हणाला, ह्याचे बेचाळीस सोपे, पोरी. मी उतरलो तवा समोरच्यांना वाटलं नऊ नंबर म्हणजे आकारामच. दोन-दोन गडी माझ्या अंगावर. म्हणून माझे अकरा भारी. ती बोटांवर मोजून म्हणाली, एकावर दोन म्हणजे अकराचे बावीस झाले.

आता तो इचलकरंजीभर बावीस सांगत फिरणार. फिरू दे. तू दाखला मागितलास तर बघ.

गुडघ्यासकट तुझा,
आकाराम (बेचाळीस)