बिनापॅडचं पडणं

बाबा, आज तुमच्यापायी मी एका पोरीवर खेकसले. तुम्हाला जाऊन चौदा वर्षं झाली, तरी माझ्या कामातली तुमची लुडबूड काही थांबलेली नाही. सौंसरला मैदानामागच्या शेडमध्ये मी आता मुलींना पडायला शिकवते. हो, पडायलाच. वीस वर्षं हॉलिवूडच्या नट्यांच्या जागी जिन्यांवरून, घोड्यांवरून, चालत्या गाड्यांवरून पडले, तेच शिकवते. तर लोधीखेड्याहून बसनं येणारी एक पोरगी आज कंबरेचे आणि खांद्याचे पॅड पिशवीत कोंबून लाकडी जिन्याच्या वरच्या पायरीवर उभी. विचारलं तर म्हणते, "मॅडम, तुमी तं त्या पिक्चरात बिनापॅडच्याच पडल्या ना! मी धा खेपा पाह्यलं मोबाइलवर." तिला खाली उतरवलं, घरी पाठवलं आणि तेव्हापासून तुमच्यावर चिडून बसले आहे.

तुमचं गणित मला कधी कळलंच नाही. हंगामात तुम्ही संत्र्याच्या पेट्या भरायचात. तळाला गवत, प्रत्येक थरावर गवत, फळाला डाग लागू नये म्हणून एकेक संत्रं दोन्ही हातांनी अलगद ठेवायचं. मी आठ वर्षांची आहे, माळ्यावरून त्या गवताच्या ढिगात उडी मारते आणि तुम्ही धावत येता. मला वाटतं, लागलं का ते बघायला. "सारं गवत दाबून टाकलं ना वो! आता संत्रं का तुह्या डोक्यावर ठेवू?" आणि हाच माणूस पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्या गावी, पांढुर्ण्याला जाऊन, दोन गावं एकमेकांवर दगड फेकतात त्या गोटमारीत उघड्या डोक्यानं नदीवर उभा राहायचा. संध्याकाळी दुपट्टा डोक्याला गुंडाळून घरी. आई चुलीवर पाणी तापवते आहे, आणि तुम्ही पाटावर बसून भुवईवरचे टाके शेजाऱ्यांना दाखवताय. आईचा तो चेहरा तुम्ही एकदा तरी पाहिलात का?

पुढे मी अमेरिकेतून फोन करून सांगायचे, कपड्यांच्या आत पॅड असतात, खाली रिकामे खोके रचलेले असतात, कुठून कुठं पडायचं ते आधी मोजून ठरवतात. तुम्ही हसायचात. "गादीवर पडते तं त्याले का पडनं म्हनते? तशी तं आमची म्हैसबी पडते." दर वेळी हेच, आणि ओट्यावर चार माणसं बसलेली असताना. मी समजावलं, भांडले, फोन आपटला. काही उपयोग नाही. मग एका पिक्चरमध्ये दगडी जिना आला. शॉटच्या आधी कपडे बदलायच्या गाडीत मी खांद्याचे पॅड काढले आणि बाकावर ठेवून दिले. कुणी सांगितलं नव्हतं. पस्तिशीची बाई मी, आणि कानात तुमचं ते हसणं.

खांद्याचं हाड दोन ठिकाणी मोडलं. आमचे स्टंटचे साहेब फार शांत माणूस. दवाखान्यात येऊन एवढंच म्हणाले, जिला स्वतःची काळजी नाही तिच्या हाती मी दुसऱ्याच्या जिवाचा दोर कसा देऊ? आठ महिने काम मिळालं नाही. तुम्हाला यातलं काहीच कळवलं नाही. शॉट मात्र पिक्चरवाल्यांनी तसाच ठेवला.

तो पिक्चर नागपूरला लागला तेव्हा मी घरी आले होते. आपण दोघं सौंसरहून बसनं गेलो. तुम्ही इस्त्रीचा सदरा घातलेला, मी हात जपत खिडकीशी. जिन्याचा शॉट आला आणि तुम्ही भर थेटरात उभे राहिलात. "हे माही पोरगी हाय! पाहा, याले म्हनते पडनं!" आणि माझ्या खांद्यावर, त्याच खांद्यावर, दणदणीत थाप. डोळ्यांपुढे अंधारी आली. मी हसले. परतीच्या वाटेवर तुम्ही कंडक्टरलासुद्धा सोडलं नाहीत. पुढच्या वर्षी तुम्ही गेलात, ते मला बरं झालं की नाही हे न विचारताच, कारण काही झालं होतं हेच तुम्हाला ठाऊक नव्हतं. इथं तुमची चूक नाही, हे कळतं मला. तरी राग येतो.

उद्या ती पोरगी आली की तिला सगळं सांगणार आहे. पॅड नव्हते, हाड मोडलं, काम गेलं, शुद्ध मूर्खपणा होता. सांगावंच लागेल, नाहीतर ती परत पिशवीत ठेवील आणि एक दिवस मान मोडून घेईल. काहून केलं मॅडम, असं ती विचारेल. बापाला दाखवायला, म्हणेन.

पण एक गोष्ट मी तिला सांगणार नाही. ती या वहीत लिहून ठेवते, हे पत्र टाकायचं तरी कुठं? तुमची ती थाप फार दुखली, बाबा. आणि तशीच आणखी एक मिळणार असेल, तर मी आजही पॅड काढून त्या जिन्यावर चढेन.