हनुवटी तेवढी माझी

ती. फरूजाताई,

फ्रान्समधल्या रूबेहून तुझी धाकटी बहीण तासादित इथूनच तुझ्या मस्तकाचं चुंबन घेते आणि आधी तुझ्या गुडघ्यांची, मग तुझी चौकशी करते. गुडघ्यांचा मान पहिला, कारण गेल्या फोनवर तू माझ्यापेक्षा त्यांच्याबद्दलच जास्त बोललीस. थंडी पडायच्या आत लोकरीचे मोजे मिळाले असतील. मिळाले नसतील तर ते टपालवाल्याच्या बायकोच्या पायांत बघ. इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत. अक्लीचं पोट सुटलंय, पण मुलगा आपला असला की त्याला भरलेपण म्हणायचं. पत्र माझी सून झीना लिहितेय, म्हणून झीना फार गुणाची आहे असं लिहायला सांगते. (झीना, हसू नकोस, लिही. एरवी संधी मिळायची नाही.) आणि तिकडे हे तुला जोहेर वाचून दाखवत असणार. जोहेर, पोरी, तू ताईची सून असलीस तरी मला कळतं तू कुठं काय गाळतेस. मागच्या पत्रात तुझ्या रश्श्याबद्दल दोन शब्द होते, ते ताईपर्यंत पोचलेच नाहीत.

तर यंदा ऑलिव्हच्या तोडणीला येते असं तुला कळवलं होतं, आणि तू म्हणे सगळ्या गावात दवंडी पिटलीस. पण मधे आडवं आलं ते माझं कार्ड. इथं राहायचं कार्ड दर दहा वर्षांनी संपतं, तसं यंदा संपायला आलं. संपलेलं कार्ड घेऊन तुझ्याकडे यायला कुणी अडवत नाही, जाणाऱ्याला कुठलं सरकार अडवतं? पण परत येताना विमानतळावरचा पोलीस म्हणणार, आजीबाई, आपण कोण? मग मी कायमची तुझ्या उंबऱ्यावर. आणि आपण दोघी एका चुलीवर किती दिवस नांदू शकतो हे तुला माहीत आहे, मला माहीत आहे, आणि त्या चुलीलाही माहीत आहे. इथं माझी नातवंडं आहेत, नवऱ्यानं इथल्या गिरणीत मागांच्या आवाजात कान घालवले, मी इथल्या शाळांच्या फरश्या पुसता पुसता म्हातारी झाले. तरी दहा वर्षं झाली की विचारतात, अजून राहणार का? जशी काही मी पाहुणी आहे, आणि जेवण होऊनही उठायचं नाव घेत नाही. कार्डावर लिहिलंय, जन्म अंदाजे अमुक साली. जन्म अंदाजे चालतो, मुदत मात्र एक दिवस इकडे की तिकडे नाही.

कार्डाला नवा फोटो लागतो. हल्ली फोटो हातात देत नाहीत, तो काढला की तारेतून आपणहून सरकारकडे जातो, आपल्या आधी. चौकात बास्त्यां नावाचा फोटोवाला आहे, कानात बाळी घालणारा, तसा सालस. त्यानं मला स्टुलावर बसवलं आणि म्हणाला, हसायचं नाही, तोंड उघडायचं नाही, मान हलवायची नाही. म्हटलं, बाबा, सासरी पहिल्या दिवशी हेच सांगितलं होतं. डोक्याचा रुमालही काढायला लावला. ते भांडण मी मागच्याच्या मागच्या कार्डाला हरलेय, ते काही पुन्हा उकरत नाही. संध्याकाळी अक्लीनं फोटो त्याच्या मोबाइलवर दाखवला. सरकारी यंत्रानं पास केला म्हणून घरात आनंदीआनंद. झीना म्हणाली, आई, किती छान आलाय. मी मोबाइल लांब धरला, मग जवळ धरला, मग चष्मा शोधायला लावला. नाक माझं, कपाळ माझं, कान तर आपल्या बापाचेच. आणि हनुवटी? हनुवटी धुतलेल्या ताटासारखी लख्ख. गोंदण गायब.

ताई, ते गोंदण कसलं हे तुला सांगायला नको, पण झीना लिहितेय तर तिच्याही कानावर पडू दे. अंजिराच्या झाडाखाली ती गोंदणारीण बसली होती, काजळी आणि काटा घेऊन. आधी तू बसलीस आणि रडली नाहीस, मग मी बसले आणि डोंगरापलीकडच्या गावाला ऐकू जाईल अशी रडले. (हे तू माझ्या लग्नात सांगितलंस, अक्लीच्या बारशाला सांगितलंस, माझ्या नवऱ्याच्या मातीलासुद्धा सांगितलंस.) मधोमध खजुराची फांदी आणि एका बाजूला दोन ठिपके, दोघींना एकसारखे, म्हणजे एक हरवली तर दुसरीवरून ओळखता येईल. एवढं रडून मिळवलेली वस्तू एका बाळीवाल्यानं बोटाच्या टोकानं पुसून टाकली. लग्नाच्या फोटोत तो नवरीची मुरुमं पुसतो हे सगळ्या चौकाला ठाऊक आहे. पण माझ्या सुरकुत्या बघ, सगळ्या जागच्या जागी, एकीलाही धक्का नाही. गोंदण तेवढं पुसलं. म्हणजे मुद्दामच नाही का?

अक्ली म्हणाला, आई, यंत्राला पटलंय ना, मग तुझं काय जातं? आता याला काय सांगणार. माझी हनुवटी जाते. मी गप्प बसले. (झीना म्हणते मी गप्प बसले नाही. झीना, तू लिहिणारी आहेस, साक्षीदार नाहीस.)

मग कचेरीत जायचा दिवस आला. परदेशी लोकांची कचेरी कशी असते तुला काय सांगू. आमच्या डॉक्टरकडे माणसं आजारी असून हसतात, तिथं धडधाकट असून कुणी हसत नाही. सगळे मांडीवर कागदांची पिशवी घेऊन बसलेले, तान्हं मूल सांभाळावं तसे. आमचा नंबर लागला. खिडकीत एक बाई, चष्म्याला साखळी लावलेली, मादाम देलसाल. बोलायला नीट होती, उगाच खोटं का बोलू. बोटांचे ठसे घेतले, ते आले. विजेचं बिल घेतलं, तेही चाललं. मग तिनं पडदा माझ्याकडे फिरवला आणि नुसतं रीतीपुरतं विचारलं, हा फोटो तुमचाच ना?

मी म्हटलं, "नाही."

अक्लीनं माझ्या पायावर पाय दिला. पंचाण्णव किलोचा मुलगा पायावर पाय देतो म्हणजे काय होतं ते ज्याचं त्यालाच कळतं. वर हसत हसत मादामला म्हणतो कसा, आईला ऐकायला जरा कमी येतं. मी म्हटलं, मला सगळं ऐकू येतं, ही बाई मी नाही. मादामनं विचारलं, मग ही कोण? म्हटलं, ते तुम्ही शोधा, तुमच्या पडद्यावर तुम्हीच बसवलीय. तिनं चष्मा काढला, पुसला, परत घातला, एकदा फोटो बघितला, एकदा मला बघितलं. मी हनुवटी पुढे केली. तिच्याकडे ती बराच वेळ बघत राहिली, काही बोलली नाही. लाजली असणार.

मग तिनं समजावून सांगितलं, आजी, ज्याचा फोटो तोच नाही म्हणाला तर मला हा अर्ज इथंच बंद करावा लागेल. अर्ज बंद म्हणजे कार्ड बंद. अक्लीच्या कपाळावर घाम आला. तो आपल्या भाषेत हळूच म्हणाला, आई, हो म्हण, फक्त एकदा हो म्हण, मग घरी जाऊन मला पाहिजे तेवढ्या शिव्या दे. शिव्या तर देणारच होते. पण हो म्हणवेना. खोटं सांगते का, मलाही भीती वाटली, धाकट्या नातीचा चेहरा डोळ्यांपुढे आला, ती अजून माझ्याच कुशीत झोपते. तरी तोंडातून निघायचं ते निघालंच. मी म्हटलं, "मादाम, माझं जन्मसाल तुमच्या अंदाजानं. नाव तुमच्या कारकुनानं ऐकलं तसं. पत्ता तुमच्या गल्लीचा. ते सगळं मी आजवर चालवून घेतलं. हनुवटी तेवढी माझी. ती आहे तशी लिहून घ्या, नाहीतर मी इथंच बसते."

आणि बसले. खिडकीसमोरच्या खुर्चीतच. मागं रांग खोळंबली. मला वाटलं आता लोक ओरडणार, पण मागून मोरोक्कोतल्या नादोरकडची एक म्हातारी उठली, तिच्याही हनुवटीवर गोंदण, आणि मादामला म्हणाली, अहो देऊन टाका ना तिची हनुवटी तिला, तुमच्या काय कामाची? मला बरं वाटलं. मग ती माझ्याकडे वळून म्हणते, तशी आमच्याकडची फांदी जास्त नाजूक असते म्हणा. झालं. पुढे आम्हा दोघींचं जे जुंपलं ते अर्ध्या खोलीला कळत नव्हतं, तरी सगळी खोली बाजू घेऊन बसली. मादाम देलसालनं शेवटी हात टेकले. अर्ज बंद करत नाही, नवा फोटो काढून आणा, पुढची तारीख देते, पण आता उठा, असं म्हणाली. मी उठले. हरलेली माणसं कशी उठतात ते मी पाहिलंय, मी तशी उठले नाही.

अक्ली माझ्या पुढे तरातरा गाडीपर्यंत गेला. मला घरी सोडून कामावर गेला आणि जाताना दार हळू लावलं, म्हणजे किती रागावला असेल बघ. तेव्हा मी वरच्या मजल्यावरच्या ओदेतला बरोबर घेऊन बास्त्यांच्या दुकानावर चालून गेले. (ओदेत म्हणजे विधवाबाई, माझ्याच वयाची, पाव आणायला जायचं तरी आधी भुवया काढते.) मी त्याला दुकानात गिऱ्हाइकं असताना झाडला. तो शपथा घेत होता, मादाम, मी काही पुसलं नाही. खोटं बोलताना त्याचे कान लाल झाले, बाळीसकट. शेवटी त्यानं दुसरा फोटो काढला, आणि त्यात बघशील तर फांदी न् फांदी, ठिपका न् ठिपका, जसं काही काल गोंदलंय. यंत्रानं घेतला. पुढच्या तारखेला मादाम देलसालनं पडदा फिरवला, विचारलं, आणि मी मोठ्यानं हो म्हटलं. ती म्हणाली, आता अगदी तुम्ही. काल नवं कार्ड हातात आलं, दहा वर्षांचं. दहा वर्षं कार्ड टिकणार की मी, ते बघू, पण मी त्याच्या आधी जाणार नाही एवढं ठरवलंय.

तेव्हा गावात सगळ्यांना सांग, फ्रान्सच्या सरकारला वाकवून तासादित तोडणीला येतेय. सहीच्या जागी माझा अंगठा आहे, शाई झीनाच्या पेनातली.

तुझी धाकटी,
तासादित

ता. क. झीना विचारते, परतताना तेलाचे दोन डबे देशील का? मी तिला म्हटलं, माझी बहीण तेल देताना मोजत नाही. आता माझा शब्द राख.

आणखी ता. क. आता अक्षर बदललं असेल. झीना पोरांना आणायला शाळेत गेली, आणि पेन ओदेतनं घेतलंय. पाकीटही तीच चिकटवणार. जोहेर, दार लावून घे आणि इथून पुढे हळू आवाजात वाच, काही गाळू नकोस.

ताई, बास्त्यां खोटं बोलत नव्हता. माझं झाडून झालं तेव्हा तो मला दाराशी उजेडात घेऊन गेला आणि गिऱ्हाइकांनी भांग पाडायचा आरसा माझ्यासमोर धरला. तिथं काही नाही गं. सुरकुत्यांच्या मधे कुठंतरी हिरवट सावली आहे, ती गोंदणाची की आदल्या रात्रीच्या भाजीची ते सांगता येत नाही. मी रोज सकाळी न्हाणीघरात रुमाल बांधते, रोज मला ते दिसायचं, त्या दिवशी सकाळीही दिसलं होतं. कधी गेलं ते कुणी सांगितलं नाही. अक्लीला वाटलं असेल आईला ठाऊक आहे. नाहीतर त्यानंही कित्येक वर्षांत आईकडे उजेडात बघितलं नसेल. मादाम देलसालनं मात्र बघितलं होतं, आणि सगळ्या खोलीसमोर ती एक शब्द बोलली नाही. तिलाही तेलाची एक बाटली न्यायची आहे, बास्त्यांला एक. माफी मागायचं मला जमत नाही, तेल जमतं.

ओदेतनं तिथंच दुकानात तो आरसा बाजूला सारला. पर्समधून भुवयांची पेन्सिल काढली, टोक जिभेला लावलं आणि म्हणाली, बस. तिचा हात थरथरतो, त्यामुळे फांदी वाऱ्यात असल्यासारखी आलीय. (हे ती स्वतःच लिहितेय आणि नाक मुरडतेय.) कार्डावर आता तीच फांदी आहे.

तर माझं खरं काम हे. येताना ओदेत मला काढून देईल. पण परतीच्या दिवशी सकाळी, विमानतळावरच्या पोलिसासमोर जायच्या आधी, तिकडे कुणाचातरी स्थिर हात लागेल. जोहेर, हे मी तुलाच विचारतेय. कार्ड समोर ठेवून, जसं आहे तसं काढायचं, आपली अक्कल लावायची नाही. नाहीतर पोलीस मला ओळखणार नाही, आणि तुझ्या सासूला मला ठेवून घ्यावं लागेल.

आणि ताई, आणखी एक. ते दोन ठिपके कुठल्या बाजूला होते? ओदेतनं विचारलं तेव्हा मी डावीकडे म्हटलं. तिनं ते तिच्या डावीकडे काढले की माझ्या, ते आरशात बघून मला कळेना, आणि खरं सांगायचं तर मुळात कुठं होते तेही आता आठवेना. तेव्हा अंगणात ये, हनुवटी उन्हात धर आणि जोहेरला बघायला सांग. तिथं काही दिसलं नाही, तर ते मला लिहू नकोस, मी येताना दोन पेन्सिली आणतेय. दिसले आणि माझ्या उलट बाजूला दिसले, तर आयुष्यभर तुझंच खरं झालं, पण या वेळी चुकीचे ठिपके तुझे. माझ्या बाजूला सरकारचा शिक्का आहे.