दोनशेच्या पुढचं एकक

जळगाव,
रविवार

प्रिय धनसिंग,

पत्र पाहून तू आधी हसशील. फोन असताना हा कागद कशाला काळा करतोय, म्हणशील. फोन तीनदा लावला रे, आणि तीनदा तुझ्या ड्रेसिंगची चौकशी करून ठेवून दिला. समोर आलो तर माझी जीभच उचलत नाही. हे सुगंधावहिनींकडून वाचून घेऊ नकोस, स्वतः वाच. पाचोऱ्याच्या शाळेत दहावीपर्यंत माझ्या शेजारी बसलास, माझं कोंबडीच्या पायांचं अक्षर तुला लागतं.

तुझ्या अपघाताचा अहवाल मी लिहिला, हे तुला माहीत आहे. आत काय आहे ते माहीत नसेल. 'चालकाने ट्रॉली प्रमाणाबाहेर वेगाने सोडली.' या एका ओळीवर तुझी भरपाई अडली आहे, आणि दालमिलमध्ये जो तो तुझ्या निष्काळजीपणाच्या गप्पा मारतोय. मालक म्हणून कांतीलालशेठनी कागद मानला. डिप्लोमावाल्याचा कागद म्हटल्यावर ते तरी काय करणार?

गोदामापासून ट्रक भरायच्या ओट्यापर्यंतचे ते रूळ मीच टाकले. टोकाला स्प्रिंगचा बफर लावला, ट्रॉली सुटून आलीच तर झेलायला. तो किती दणकट हवा याचा हिशेब सोपा आहे. धावत्या वस्तूत गतिज ऊर्जा असते. वस्तुमानाचं निम्मं घ्यायचं आणि वेगाच्या वर्गाने गुणायचं. सोळा पोती तूरडाळ आणि ट्रॉली मिळून नऊशे किलो. वेग सेकंदाला दोन मीटर, म्हणजे ताशी सात किलोमीटरच्या जरासा वर. साडेचारशे गुणिले चार, अठराशे जूल. इथपर्यंत देवपूरच्या कॉलेजातलं पहिल्या वर्षाचं पोरही चुकत नाही.

पण मी नाना मिस्त्रींच्या हाताखाली तयार झालेला. नानांना जूल आवडायचा नाही, तो हातात धरून दाखवता येत नाही म्हणायचे. त्यांचं सगळं किलोग्रॅम-मीटरमध्ये. एक किलो वजन एक मीटर उचलायला जेवढी ऊर्जा लागते, तेवढी एक. जूलला नऊ पूर्णांक एक्क्याऐंशीने भागलं की झालं. मजुरालाही पटतं, म्हणून मलाही तीच खोड लागली. भागलं, तर एकशे त्र्याऐंशी आले. मग वही उघडली. कॅटलॉगमधून बफरचा आकडा उतरवून ठेवला होता, दोनशे. पुढे एकक काहीच नाही. एकशे त्र्याऐंशीला दोनशेचा बफर, मी खूश! ते दोनशे जूल होते रे धनसिंग. अठराशेचा दणका, आणि झेलायला दोनशेचं खेळणं. पाच महिने निभावलं ते तुम्ही टोकाजवळ ट्रॉली हाताने थोपवत होतात म्हणून. त्या दिवशी ओट्याजवळ डाळ सांडलेली होती, तुझा पाय घसरला, बफर तुटला आणि ट्रॉली रूळ सोडून तुझ्या पायावर कलंडली.

अहवाल लिहिताना मला हे ठाऊक नव्हतं, एवढं खरं मान. उलट मोठ्या ऐटीत लिहिलं, की वेग दुप्पट झाला की ऊर्जा चौपट होते, त्यामुळे बफर तुटला याचा अर्थ तू जोरात सोडली असणार. तेच सिद्ध करायला कॅमेऱ्यातलं चित्रण लावलं. दोन खांबांमध्ये सहा मीटर अंतर. ट्रॉलीला लागले तीन सेकंद. पुन्हा मोजले, पुन्हा तीनच. म्हणजे सेकंदाला दोन मीटर, मीच ठरवून दिलेला वेग. मग वही काढली, कॅटलॉग काढला, आणि दोनशेच्या पुढे 'जूल' छापलेलं दिसलं. याला आता दहा दिवस झाले. दहा दिवस मी गप्प बसलो. माझ्या ऋतिकाची बारावी आहे, नोकरी गेली तर पुन्हा कुणी माझ्या हातात नकाशा देणार नाही, अशी सगळी कारणं स्वतःला सांगून झाली. मी भित्रा आहे, धनसिंग. शाळेत तुझ्या आड लपायचो, आताही तेच केलं.

शुक्रवारी धुळ्याच्या दवाखान्यात आलो होतो ते हेच सांगायला. गुडघ्याखाली तुझी चादर सपाट होती. मी तोंड उघडायच्या आत तू माझा हात धरलास आणि म्हणालास, "बठ्ठी मनी चूक शे भाऊ. मीच गाडी जोरमा सोडी. मनामुये तुले बोल लागना." सगळी चूक तुझी, गाडी तूच जोरात सोडलीस, तुझ्यामुळे मला बोल लागला, असं म्हणून तू माझी माफी मागितलीस. आणि मी काय केलं? तुझ्या पाठीवर हात ठेवून 'जाऊ दे' म्हणालो. मी तुला माफ करून आलो, धनसिंग! बसस्टँडपर्यंत चालत गेलो आणि जळगावची गाडी धरली. काल शेठसमोर वही ठेवली. उद्या कारखाना निरीक्षकांना सगळं लेखी देतोय, त्याची प्रत सोबत जोडली आहे. माझं व्हायचं ते होईल. तू मला माफ कर असं मी म्हणत नाही, ते तुझ्या मनावर. पण शुक्रवारी मागितलेली माफी तेवढी परत घे. ती घेऊन मला एक दिवसही जगता येत नाही.

तुझाच,
प्रशील