जाळीवरच्या मांसाला लावायचा रस कोणाचा

मी, पुना भटू कुवर, वय सदुसष्ट, धंदा भाजलेल्या मांसाचे दुकान, मूळ गाव सागपाडा, तालुका साक्री, हल्ली मुक्काम नरडाणा, तालुका शिंदखेडा, जिल्हा धुळे, हे मृत्युपत्र आज स्वखुशीने लिहून ठेवत आहे. माझी बुद्धी ठिकाणावर आहे. मार्चमध्ये धुळ्याच्या दवाखान्यात माझ्या हृदयाच्या नळीत जाळी बसवली, तेव्हापासून चढावर दम लागतो. पण माणसे, वर्षे आणि अपमान मला नीट आठवतात. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. मी सांगतो आहे आणि निवृत्त कारकून लीलाधर देवरे लिहून घेत आहेत. भाषा त्यांनी सुधारावी, मजकूर सुधारू नये, असे आमचे ठरले आहे.

कलम १. नरडाणा येथील दोन खोल्यांचे घर व त्याला लागून असलेली पत्र्याची शेड, जिच्यात आमचे दुकान चालते, ही माझी स्वकष्टार्जित मिळकत आहे. माझ्या पश्चात ती पत्नी भागाबाई हिच्या पूर्ण मालकीची होईल. तिने राहावे, भाड्याने द्यावी, विकावी. मुलांनी मध्ये पडू नये.

कलम २. सागपाड्याची जमीन वडिलोपार्जित आहे. तीत माझ्या हिश्श्याला जे येते ते मुलगा योगेंद्र व मुलगी ज्योती यांना निम्मे निम्मे. योगेंद्र म्हणेल, ताई तर जळगावला दिली, तिला डोंगरातली जमीन कशाला. तिने दवाखान्यात आठ दिवस माझ्या उशाशी काढले म्हणून नव्हे, तर ती मुलगी आहे म्हणून.

कलम ३. लोखंडी जाळी, दोन चिमटे, तीन सुऱ्या व मांस तोडायचा लाकडी ओंडका योगेंद्रला. ही जाळी मी वेल्डिंगवाल्यासमोर दिवसभर बसून करून घेतली आहे; गजांमधले अंतर माझ्या बोटांनी मोजलेले आहे. निखारा कधी पसरायचा, चरबीची बाजू कधी खाली घ्यायची, आतून गुलाबी पाणी येणे थांबले की नाही, हे मला कळते. एवढे माझे आहे. पुढे मी जे सांगणार आहे, ते वाचून कोणी माझे एवढेही काढून घेऊ नये.

कलम ४. हे कलम मिळकतीचे नाही, पण याशिवाय पुढचे समजणार नाही.

आमच्या डोंगरपट्ट्यात लग्नाकार्याला डुक्कर भाजतात. त्यात लाजण्यासारखे आम्हाला कधी वाटले नाही. नरडाण्याला कारखाने आले, झारखंड-आसामकडची कामगार माणसे आली, आणि त्यांना हे मांस कुठेच मिळेना. तेव्हा आम्ही नवराबायकोने शनिवार-रविवारचे दुकान टाकले. मी पुढे जाळीवर. भागाबाई मागे, पडद्याआड, मांसाला लावायचा रस करायची.

महिनाभरातच गिऱ्हाईक ताट पुढे करून म्हणू लागले, "रस आणखी लावा." मांस आणखी द्या, असे म्हणणारे कमी. दिवसभर धूर मी खायचो, हातावर फोड माझ्या यायचे आणि वाखाणणी पडद्यामागे जायची. मला ते सोसवेना. कोणी विचारले की मी सांगायचो, "रस माझाच. वडिलांपासूनचा." माझ्या वडिलांनी आयुष्यात कधी पळी हातात धरली नव्हती.

कलम ५. रेल्वे फाटकावर कामाला असलेले रतिलाल पवार दर रविवारी येत. जेवण झाले की ते पडद्याकडे तोंड करून म्हणत, "वहिनी, आज रस झकास जमलाय." आतून भागाबाईचा आवाज यायचा, "चिंच नवी शे, भाऊ." एवढेच. रोज माझ्याशी चार शब्द बोलणारी बायको त्यांच्याशीही चारच बोलायची, पण ते चार वेगळे वाटायचे. मी मनात काय काय रचले ते येथे लिहवत नाही. एका रविवारी सगळे बाक मोकळे असताना मी त्यांना म्हणालो, "जागा नही आज." ते बाकांकडे बघून निघून गेले. पुन्हा आले नाहीत.

त्या माणसाची काही चूक नव्हती. खाल्ले आणि चांगले म्हणाला. माझा रेडिओ त्यांना द्यावा. मॅच ऐकायला ते तो मागायचे आणि मी सेल संपले म्हणायचो.

कलम ६. दोन हजार नऊ साली धुळ्याकडच्या एका हॉटेलचे मालक जेवायला आले. तीन वेळा मागून घेतले. हात धुताना विचारले, "रस कोण करतं?" मी निखारे सारखे करू लागलो. ते म्हणाले, "आतल्या बाई करत असतील तर त्यांना आठवड्यातून दोन दिवस आमच्याकडे पाठवा. आमच्या आचाऱ्यांना शिकवतील. पाटीवर त्यांचं नाव घालू."

पाटीवर नाव. माझ्या दुकानाला तेव्हा पाटीसुद्धा नव्हती.

मी म्हणालो, "तिला काय येतं? ती भांडी घासते. रस मी करतो."

आत लसूण ठेचण्याचा आवाज चालू होता, तो थांबला. मी पडद्याकडे पाहिले नाही. मालक म्हणाले, मग तुम्हीच या.

मी गेलो. तोवर मी तो रस एकदाही केला नव्हता. बघून बघून येतोच, असे मला वाटले. चिंच, गूळ, लसूण, तिखट घेतले आणि एवढ्यावर भागेल कसे, म्हणून लवंग, दालचिनी, काळा मसाला, दही घातले. मांस जाळीवर टाकल्याबरोबर रस थापला. गूळच तो, मांस आतून कच्चे आणि वरून कोळसा. आचारी एकमेकांकडे बघून हसले. मालकांनी चहा पाजला आणि बसथांब्यापर्यंत माणूस दिला, हे जास्त लागले.

घरी भागाबाईने विचारले, "कसं जायं?"

"त्या लोकांना चव नाही," मी म्हणालो.

पुढच्या शनिवारी रसाचे पातेले चुलीवर नव्हते. मी विचारले, तर ती भांडी घासता घासता म्हणाली, "तुम्हीच करतस ना, मंग करा. माले भांडा घासता येतस."

त्यानंतर पंधरा वर्षे तिने दुकानात रस केला नाही. भांडणही केले नाही. मी माझ्या परीने करत राहिलो. दर वर्षी एक मसाला वाढत गेला आणि एक बाक रिकामा होत गेला. सागपाड्याला कोणाच्या लग्नात तिला बोलावणे आले की मात्र ती जाऊन करायची. मीही मागोमाग जायचो आणि मांडवाच्या खांबाला टेकून बघायचो. बाया तिच्याभोवती, म्हातारे बोटे चाटत. मला कोणी विचारले नाही असे नाही, विचारले, "भागाअक्काना मालक ना तुम्ही?" म्हणजे तिचा नवरा ना. मला ताप चढल्यासारखे व्हायचे. बायकोने दुसरा माणूस केला असता तर त्याच्याशी भांडता तरी आले असते. पातेल्याशी काय भांडणार?

कलम ७. मार्चनंतर डॉक्टरांनी मला आगीजवळ उभे राहायला मनाई केली. दुकान बंद पडले. मे महिन्यात एका शनिवारी मी खोलीत खाटेवर होतो, आणि शेडमधून तो वास आला. योगेंद्र जाळीवर होता, भागाबाईने रस केला होता. दुपारपर्यंत बाहेर माणसांचा आवाज इतका वाढला, की मी दार लावून घेतले. माझ्या आजारपणात घर चालावे म्हणून ती उभी राहिली, हे मला कळत होते. तरी उशीत तोंड खुपसून मी हेच मागितले, की आज तरी करपू दे. हे माझ्या आयुष्यातले सर्वांत वाईट मागणे आहे आणि ते सहीनिशी मान्य करतो.

करपले नाही. संध्याकाळी तिने बिनामिठाची भाकरी-भाजी माझ्यासमोर ठेवली. मी विचारले, "भागा, त्याच्यात घालतेस तरी काय?"

"काही नही. थोडीशी जिन्नस. तुम्ही घाई करतस, बस."

पंधरा वर्षांत मी विचारले नव्हते. विचारल्यावर तिने एका दमात सांगून टाकले.

कलम ८. सबब, सदर रस हा माझ्या मालकीचा नाही. तो माझा स्वकष्टार्जित नाही, वडिलोपार्जितही नाही. जे आपले नाही ते मृत्युपत्राने देता येत नाही, असे देवरे सांगतात. म्हणून मी तो कोणाला देत नाही. तो भागाबाई पुना कुवर हिचा आहे, पहिल्यापासून होता, एवढे फक्त नोंदवतो. आयुष्यभर खोटे तोंडी सांगितले, खरे निदान कागदावर असावे. दुकानाचा परवाना तिच्या नावे करावा व पाटीवर तिचेच नाव लिहावे. माझा फोटो लावू नये.

कृती अशी: मूठभर चिंच कोमट पाण्यात भिजवून कोळ काढावा. त्यात दोन मुठी गूळ, ठेचलेला एक गड्डा लसूण, दोन चमचे तिखट, दोन चमचे मीठ व पळीभर शेंगदाणा तेल घालून मंद आचेवर पळीला धरेल इतके आटवावे. मांसाला आधी नुसते मीठ-हळद लावून निखाऱ्यावर सावकाश भाजावे. मांस पुरते शिजत आले की, शेवटच्या पाव तासात, कांद्याच्या पातीच्या जुडीने रस पातळ लावावा, उलटावे, पुन्हा लावावा. असे चार वेळा. आधी लावू नये.

वाचन व दुरुस्ती. येथपर्यंतचा मजकूर देवरे यांनी आज सकाळी भागाबाईला वाचून दाखवला. ती दारात बसून तांदूळ निवडत होती. हॉटेलमालकाचे कलम वाचताना तिचा हात थांबला नाही. सातवे कलम वाचताना थांबला.

देवरे म्हणाले, "वहिनी, काही म्हणायचं आहे?"

ती म्हणाली, "मीठ एक चमचा लिखा. मांसले पहिलेच लायेल ऱ्हास ना." आणि थोड्या वेळाने, "गूळ दोन मूठ नही. दीड."

मांसाला मीठ आधीच लावलेले असते, म्हणून वरील कलमात मीठ "एक चमचा" व गूळ "दीड मूठ" असे वाचावे. दुरुस्ती मला मान्य आहे. म्हणजे तिने सांगितलेलेही मी चुकीचे ऐकले होते.

मी तिला म्हणालो, "त्या दिवशी मी खोटं बोललो. तुला जायचं होतं का धुळ्याला?"

"जानं व्हतं," ती म्हणाली. "नवं लुगडंबी काढेल व्हतं."

देवरे यांनी विचारले, हे लिहायचे का. मी म्हणालो, लिहा. मी माफी मागितली, तेव्हा ती म्हणाली, "माफीनं मी देखसू. ते कागदवर नका लिखू," आणि तांदूळ घेऊन आत गेली. माफीचे काय ते ती बघणार, म्हणून त्याबद्दल येथे काही लिहिलेले नाही.

यापूर्वी मी कोणतेही मृत्युपत्र केलेले नाही. केलेले निघाल्यास हेच अखेरचे धरावे. मजकूर ऐकला, समजला, दोन्ही साक्षीदारांच्या डोळ्यांदेखत सही करत आहे. सहीखाली ओळख लिहिताना देवरे म्हणाले, "पुनाभाऊ, वडिलांचं नाव पुरतं, असं कोणी लिहीत नाही." मी म्हणालो, राहू द्या. मत्सर गेलेला नाही. तो आहे तसाच ठेवून लिहीत आहे.

ठिकाण: नरडाणा
दिनांक: १९ नोव्हेंबर २०२४

मृत्युपत्र करणार:
(सही) पुना भटू कुवर
भागाबाईचा नवरा

साक्षीदार:
१. (सही) लीलाधर देवरे, निवृत्त कारकून, नरडाणा
२. (सही) चंदन सोनवणे, किराणा दुकानदार, नरडाणा