पावणेदोन महिन्यांचा अग्निगड

अणदूर, २० नोव्हेंबर २०२५

चि. हर्षालीस अ. आ.

आमचा खंडोबा आता नळदुर्गला निघेल. रिवाजाप्रमाणे त्याच्यामागं गेमचा डबाही तुझ्याकडं पाठवतोय. लहानपणी त्यावरून आपली भांडणं झाली तेव्हा आत्यानं, देवाला जमतं ते तुमाला का जमत न्हाय, असं म्हणत दोन गावांनी देव वाटून घ्यायचा करारच आपल्याला लावला होता. सव्वादहा महिने अणदूर, पावणेदोन नळदुर्ग. आणि खेळ कुठवर आला ते सोबत पत्रात लिहायचं. वीस वर्षांत डबे तीन बदलले, तुझी कुरकुर मात्र तीच.

‘अग्निगड’च्या पहिल्या भागात आपल्या राजाला तोंडसुद्धा नव्हतं, नुसते चौकोन आणि तलवार. तिसऱ्यात घोडा मिळाला. या सातव्यात राजाची दाढी पिकलीय आणि घोड्याला घाम फुटतो. फवारणी करून आल्यावर मला ते झेपत नाही. लई थकलोय गं.

आठवा भाग म्हणे आपल्या डब्यावर चालणारच नाही. ज्याचं त्याचं खातं, आणि जुना राजा एकाच खात्यात जाणार. तो तू ने. आपला करार इथंच संपवू.

आत्याला नमस्कार. लोभ आहे, तो राहू दे.

तुझा,
रणधीरदादा

नळदुर्ग, ६ जानेवारी २०२६

ती. रणधीरदादास सा. न.

करार संपवू हे तू किती सहज लिहिलंस! मला रडू आलं.

आता खरं सांगते. चौथ्या भागापासून मी खेळलेच नाही. शाळा, स्वयंपाक, आईची औषधं यातून हात मोकळा होत नाही. डबा कपाटावर ठेवते, तुझं पत्र दोनदा वाचते आणि डबा परत जाताना अमुक राक्षस मारला, तमुक गड घेतला, असं मनानंच लिहून देते. गेल्या वर्षीचा पुलावरचा राक्षसही खोटाच. राजा तूच ने. पण डबा यायचा थांबला तर तुझं पत्रही थांबेल, एवढीच भीती वाटते.

रागावू नकोस. माया कमी करू नकोस.

तुझी,
हर्षाली

अणदूर, ११ जानेवारी २०२६

चि. हर्षालीस अ. आ.

मला ठाऊक होतं. डबा परत आला की राजा मी सोडला तिथंच उभा असायचा. मग तू लिहिलेले राक्षस मी एकेक करून मारायचो, तुझं पत्र खोटं पडू नये म्हणून. पुलावरचा तेवढा वर्षभर मरेना. त्यानंच दमवलं मला.

आठवा भाग दोघांनीही घ्यायचा नाही. देव निघाले की डबा येईल, पत्रही येईल. फक्त यापुढं मारायला जरा बारके राक्षस निवड.

आत्याची तब्येत कळव. जीव लावतेस तसाच लाव.

तुझा,
रणधीरदादा