लग्न लागेपर्यंत मौन

अदलिया, बहरीन
१४ मार्च १९८३

तीर्थरूप बाळाजीकाकांच्या चरणी विठ्ठलचा साष्टांग नमस्कार. इकडे मी, अरुणा आणि उल्का तिघंही खुशाल. तुमचा गुडघा, काकूचा दमा आणि तांबडी गाय यांच्या तब्येती सविस्तर कळवाव्यात. (उल्का गाईची आधी विचारते, राग मानू नये.)

विमान चुकलं हे मनाला लावून घेऊ नका. माणसाचा स्वभाव आहे. विमानतळावरच्या हवालदाराला कोकणात रेल्वे का हवी हे समजावणं तुम्हाला गरजेचं वाटलं, आणि तो बिचारा सातारचा असूनही ऐकत राहिला, यात दोष कुणाचाच नाही. फक्त अडचण अशी झाली की शुक्रवारी उल्काची बोलणी होती. दळवीसाहेब (इथल्या बँकेतले, सनद नावाच्या भागात राहतात) फार रीतीचे. मुलीला वडील नाहीत तर नुसता भाऊ पुरत नाही, निदान वाढवणाऱ्या काकांच्या हातून सुपारी फुटली पाहिजे, नाहीतर शनिवारी ते सुट्टीवर मुंबईला निघणार आणि गिरगावातली एक मुलगी बघणार, हे त्यांनी गोड शब्दांत कळवलं होतं. उल्का हॉस्पिटलातून ड्यूटी करून आली की त्यांच्या मुलाचं, जयप्रकाशचं, नाव काढायची नाही, पण फोन वाजला की आधी पोचायची. पोर रात्रंदिवस लोकांचं दुखणं काढते, तिच्या वाट्याला एवढं एक सुख यावं असं मला मनापासून वाटत होतं. आणि काका विमानाबाहेर.

त्याच आठवड्यात इथे सिनेमावाल्यांचा एक ताफा कार्यक्रमाला आला होता. हॉटेलातल्या खोल्या नायक, नायिका, नायिकेची आई आणि आईचं कुत्रं यांच्यात खलास झाल्या, म्हणून इथल्या मराठी मंडळाने एक जण आमच्याकडे उतरवला. अनादि घोषाल. नाव ऐकलं नसेल, पण तुम्ही त्यांना ओळखता. चष्मा काढून मान हलवणारा डॉक्टर, आंधळा फकीर, दुष्ट जमीनदार, त्याच जमीनदाराच्या हातून मरणारा पोस्टमास्तर, सगळे हेच. गेल्या दिवाळीत तुम्ही ज्या सावकाराला थिएटरात उभं राहून शिव्या दिल्यात, तोही हाच सज्जन. कलकत्त्यात शाळामास्तर होते, रात्री नाटकं करायचे, मुंबईला आले ते नायक व्हायला. पहिल्याच दिवशी ठरलेला म्हातारा आजारी पडला, यांना दाढी चिकटवली, ती पुढे वीस-बावीस वर्षं निघाली नाही. अरुणाने त्यांना बंगाल्यांची लाडकी हिलसा म्हणून इथली हमूर मासळी वाढली, तीही त्यांनी हिलसाच असल्यासारखी डोळे मिटून खाल्ली. तिथेच मला कल्पना सुचली.

मी भीतभीत विचारलं. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं आणि एकच शंका काढली, "काका लास्ट तोक जिंदा रहता है ना?" (मध्यंतराआधी मरून ते कंटाळले आहेत.) जिवंत राहतो म्हटल्यावर स्वारी कामाला लागली. तुमचा फोटो पाहिला, टोपी मागितली, डाव्या गालावर चामखीळ लावली. तुम्हाला चामखीळ नाही म्हटलं तर म्हणाले, असायला हवी होती. मराठी येत नाही त्यावर उपाय मी काढला. काकांनी उल्काचं लग्न लागेपर्यंत मौन धरलंय, असं दळवींना सांगितलं. उल्का आधी संतापली, चहाचा ट्रे घेऊन बाहेर येणार नाही म्हणाली. मग अनादिबाबू लंगडत तिच्यासमोरून गेले आणि ती हसली.

बोलणी छान चालली होती. काका नुसते मान डोलवत होते आणि दळवीसाहेब भारावत होते. तेवढ्यात मुलाच्या रंभाआत्यांनी सूर लावला, नर्स म्हणजे रात्रपाळ्या, परक्या पुरुषांची उठबस, आमच्यात चालत नाही. उल्काचा चेहरा पडला. मी तोंड उघडणार, तोच काका ताडकन उठले आणि गरजले, "गप बस! नाहीतर आत टाकीन!" अनादिबाबूंनी एकदा मराठी हवालदार केला होता, त्यातलं हे एकमेव वाक्य. मी सुपारीचं ताट आवरायला घेतलं. पण दळवीसाहेबांचे डोळे पाणावले. पोरीसाठी माणसाने मौन मोडलं, म्हणाले. आत्या तेव्हापासून आजतागायत गप्प आहेत.

मग बाबूंनी टोपी काढली आणि दळवींच्या पायाशी ठेवली. हे ठरलेलं नव्हतं. डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. उल्का उठली आणि तिने वाकून त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं. हेही ठरलेलं नव्हतं. सुपारी फुटली.

मंडळी गेल्यावर मी म्हटलं, बाबूजी, ग्लिसरीनशिवाय कमाल केलीत. ते चामखीळ काढत बसले होते. त्यांच्या मुलीचं लग्न कलकत्त्यात लागलं तेव्हा ते मुंबईत दुसऱ्याच कुणाच्या मुलीची पाठवणी करत होते. सेट उभा होता, सुट्टी मिळाली नाही. त्या दिवशीही ग्लिसरीन लागलं नव्हतं म्हणाले. काका, मला त्यांच्याकडे बघवेना.

असो. काकूला नमस्कार, धाकट्यांना आशीर्वाद.

आपला,
विठ्ठल

ता.क. लग्न मे महिन्यात चिपळूणला आपल्याच अंगणात. दळवी मंडळी आधी भेटायला येतील. तेव्हा डाव्या पायाने लंगडावं (गुडघा आहेच), चामखीळ टपालाने पाठवतो आहे, आणि काका, मौन. रेल्वेचा विषय निघाला तरी मौन. अगदीच असह्य झालं तर वरचं एक वाक्य बोलायला हरकत नाही.

ता.ता.क. आत्ताच कळलं की मुलाच्या आईने, शुभदाबाईंनी, टोपी काढताक्षणी ओळखलं होतं. त्यांनी हा माणूस पडद्यावर क्षयाने मरताना तीनदा पाहिलाय. अरुणाला म्हणाल्या, सख्खा असो की नसो, जिच्यासाठी कुणी इतकं रडतं ती मुलगी मला हवी. पण दळवीसाहेबांना ठाऊक नाही, म्हणून मौन कायम.

ता.ता.ता.क. खरं म्हणजे पत्र यासाठीच लिहिलं. अनादिबाबूंनी जाताना विचारलं, लग्नात गर्दीत मागे उभं राहायला मिळेल का. काका, उल्काला मामा नाही. तिला बोहल्यावर कोण आणणार, हे आपण दोघंही एकमेकांना विचारायचं टाळत आलो. तुमची हरकत नसेल तर ती जागा त्यांना द्यावी. दळवी ओळखतील ही भीती नको. बाबू म्हणतात, मामा अगदी वेगळा दिसेल. फक्त या खेपेला दाढी लावणार नाहीत म्हणाले.